मुद्देमालातला मोबाइल

जप्त केलेला मोबाइल चालू असेल, तर तो बंद करायचा का? डिजिटल न्यायवैद्यकाच्या प्रगत प्रशिक्षणात तपास अधिकाऱ्याची जुनी सवय इथेच मोडावी लागते. फोन बंद करून, लिफाफ्यात घालून सील करणं नीटनेटकं दिसतं, पण त्यात घात होतो. पासकोड टाकून एकदा उघडलेल्या फोनच्या मेमरीत एन्क्रिप्शनच्या किल्ल्या तयार असतात. फोन बंद होताच त्या जातात आणि बहुतेक डेटा पुन्हा कुलूपबंद होतो. चालू फोन चालूच ठेवायचा आणि त्याचं नेटवर्क तोडायचं, कारण मालक दुरूनही तो पुसू शकतो. त्यासाठी फॅरेडे बॅग वापरतात. तिच्यात फोन सिग्नल शोधत राहतो आणि बॅटरी भराभर उतरते, म्हणून सोबत पॉवर बँकही लागते. आयओएस १८ पासून तर काही दिवस न उघडलेला आयफोन आपोआप रीस्टार्ट होतो. त्यामुळे मुद्देमाल लवकर प्रयोगशाळेत पोचवणं हाही तपासाचाच भाग झाला आहे.

संगणकाची हार्डडिस्क मात्र तिच्यावर काही लिहू न देणारा राइट ब्लॉकर लावूनच जोडायची, तिची प्रतिमा घ्यायची आणि दोन्हींचा हॅश, म्हणजे डेटाचा अंकी ठसा, जुळवायचा. एक बिट जरी बदलला, तरी हॅश पार बदलतो.

माझ्या मते खरा कस नोंदींतली वेळ वाचण्यात लागतो. अनेक प्रणाली १ जानेवारी १९७० पासून वेळ मोजतात, ॲपलच्या कित्येक नोंदी २००१ पासून, तर विंडोजची एनटीएफएस ही फाइल प्रणाली १६०१ पासून. त्यात जागतिक वेळ आणि आपली वेळ यांत साडेपाच तासांचा फरक. रात्री पावणेबाराचा मेसेज नोंदीत सव्वासहाचा दिसतो. हे ध्यानात आलं नाही, तर निरपराध माणूस घटनास्थळी हजर ठरेल.

एवढं करूनही पुरावा कोर्टात टिकायला हवा. २०१४ च्या जालना विधानसभा निवडणुकीतला वाद उमेदवारी अर्ज मुदतीनंतर भरल्याचा होता, आणि त्यात निवडणूक कार्यालयातलं व्हिडिओ चित्रण महत्त्वाचं ठरलं. वारंवार मागूनही अधिकाऱ्यांनी त्याचं प्रमाणपत्र दिलं नव्हतं. याच वादातून उभ्या राहिलेल्या अर्जुन पंडितराव खोतकर खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये सांगितलं, की मूळ उपकरणच हजर केलं नसेल, तर तेव्हाच्या पुरावा कायद्यातल्या कलम ६५ ब चं प्रमाणपत्र अनिवार्य आहे. १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम ६३ लागू आहे. त्याच्या प्रमाणपत्रात हॅश लिहावा लागतो आणि दुसरा भाग तज्ज्ञाने भरायचा असतो. म्हणून साधनं चालवण्याइतकाच उलटतपासणीचा सरावही मला प्रशिक्षणात हवासा वाटतो: हॅश केव्हा काढला, कोणत्या साधनाने, आणि तोवर फोन कुणाच्या ताब्यात होता?