‘पंप गेला’ म्हणण्याआधी

पुण्याहून सोलापूरच्या दिशेने निघालं, की उरुळी कांचन मागे टाकल्यावर यवतच्या अलीकडे कासुर्डी लागते. दौंड तालुक्यातलं हे गाव गाडीवाल्यांना ओळखीचं झालं ते टोलनाक्यामुळे. या रस्त्याला उसंत अशी नसते. लोणी काळभोरच्या तेल डेपोंतून भरून निघालेले टँकर, सोलापूरकडचे मालट्रक, पुण्याला रोज ये-जा करणाऱ्या मोटारी आणि गळीत हंगामात दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे उसाचे ट्रॅक्टर एकाच डांबरावरून धावतात. मध्येच कुणी बॉनेट उघडून कडेला उभा दिसतो. भोवती चारजण जमतात आणि त्यातला एक छातीठोकपणे सांगतो, “पंप गेला!”

तो दरवेळी चुकतो असं नाही. पण टाकीतलं इंधन इंजिनापर्यंत पोचवणाऱ्या या पंपावर आळ सगळ्यात आधी येतो आणि त्याची तपासणी सगळ्यात शेवटी होते, झाली तर. मग हजारो रुपये मोजून नवा पंप बसतो आणि आठवड्याने गाडी पुन्हा रस्त्याच्या कडेला. हे टाळायचं तर आधी काही पक्के गैरसमज दूर व्हायला हवेत.

गैरसमज: स्टार्टर फिरतो पण इंजिन लागत नाही, म्हणजे पंप गेला.

वस्तुस्थिती: पंपापर्यंत करंटच पोचत नसेल तर चांगला पंपही मुका राहतो. फ्यूज उडालेला असतो, रिले निकामी झालेला असतो, टाकीजवळची अर्थिंगची वायर गंजलेली असते. पेट्रोल इंजेक्शनच्या बहुतेक गाड्यांत स्विच ऑन केला की पंप साधारण दोन सेकंद चालतो आणि थांबतो. इंजिन फिरतंय असा सिग्नल क्रँक सेन्सरकडून आला, तरच गाडीचा कंट्रोलर त्याला पुढे चालू ठेवतो. अपघातात इंजिन बंद पडलं तर पेट्रोल वाहत राहू नये म्हणून केलेली ही सोय आहे. त्यामुळे सेन्सर बिघडला तरी पंप बंद राहतो आणि ठपका पंपावर बसतो.

घरच्या घरी करता येईल अशी पहिली तपासणी फुकट आहे. रेडिओ, एसी बंद करा. एकाने मागच्या सीटवर बसावं, दुसऱ्याने स्टार्टर न मारता फक्त स्विच ऑन करावा. सीटखालून दोन सेकंद बारीक घूं असा आवाज आला, तर पंपाला करंट मिळतोय. आवाज नसेल तर आधी फ्यूज बघा. रिलेच्या डब्यात तशाच नंबरचा दुसरा रिले असेल तर तो अदलाबदल करून बघा. पुढचं काम मल्टिमीटरचं, म्हणजे मिस्त्रीचं. पंपाच्या कनेक्टरवर स्विच ऑन होतानाचा व्होल्टेज मोजायचा. बॅटरीइतका व्होल्टेज पोचतोय, अर्थिंग पक्कं आहे आणि तरीही मोटर फिरत नाही, तर पंप गेला हे सिद्ध झालं. व्होल्टेजच पोचत नसेल, तर नवा पंपही तिथे तसाच गप्प बसणार.

गैरसमज: आवाज येतोय ना, मग पंप ठणठणीत आहे.

वस्तुस्थिती: आवाजावरून मोटर फिरते एवढंच कळतं, दाब कळत नाही. टायरमध्ये आपण तीस-बत्तीस पौंड हवा भरतो. इंजेक्शनच्या बहुतेक पेट्रोल गाड्यांत पंपाला साधारण ४५ ते ६० पौंड, म्हणजे तीन-चार बार दाब सतत टिकवावा लागतो. झिजलेला पंप गाडी उभी असताना इंजिन निवांत चालवतो. सपाट रस्त्यावरही वेळ निभावून नेतो. यवतहून भुलेश्वरचा चढ लागला, गाडीत पाच माणसं असली, की मात्र ॲक्सिलरेटर दाबूनही गाडी ओढत नाही, गचके खाते. चोंदलेला फिल्टरही हुबेहूब हीच लक्षणं दाखवतो आणि तो पंपापेक्षा बराच स्वस्त असतो. दोघांतला खरा दोषी कोण, हे प्रेशर गेज लावल्याशिवाय कळत नाही. ज्या गॅरेजमध्ये गेज नाही, तिथे पंप बदलायचा निर्णय घेऊ नये.

गैरसमज: टाकीला खालून ठोकलं आणि गाडी सुरू झाली. पंप दुरुस्त झाला!

वस्तुस्थिती: मोटरमधले कार्बन ब्रश झिजले की ती एखाद्या जागी अडकून बसते. धक्क्याने ती जागा सुटते आणि मोटर फिरते. म्हणजे तुमचं निदान पक्कं झालं आणि घरी पोचण्यापुरती उसनी वेळ मिळाली. वाटेत इंजिन बंद करू नका आणि दुसऱ्या दिवसावर काम ढकलू नका. ठोकायचंच तर रबरी हातोडी किंवा हाताची मूठ वापरा. लोखंडी पान्याने ठिणगी उडू शकते आणि प्लॅस्टिकची टाकी तडकू शकते.

गैरसमज: पेट्रोलच्या टाकीत विजेची मोटर म्हणजे स्फोटाला आमंत्रण.

वस्तुस्थिती: पद्मिनी, अँबॅसिडर किंवा कार्ब्युरेटरची मारुती ८०० यांत पंप इंजिनाला लावलेला असे आणि कॅमच्या धक्क्यावर पडदा हलवून चाले. इंजेक्शन आलं, दाब वाढला आणि पंप टाकीत गेला. तिथे पेट्रोल मोटरच्या आतूनच वाहतं, तिला थंड ठेवतं आणि वंगणही देतं. पेट्रोलची वाफ पेटायला हवेत तिचं प्रमाण साधारण १.४ ते ७.६ टक्क्यांच्या मध्ये असावं लागतं. बंद टाकीत वाफ एवढी दाट असते की जळायला हवाच पुरत नाही.

धोका पंप टाकीबाहेर काढल्यावर सुरू होतो. काढलेला पंप अजून पेट्रोलने ओला आहे, शेजारी टाकीचं तोंड उघडं आहे आणि कुणीतरी थेट बॅटरीच्या दोन वायरी लावून “फिरतो का बघू” म्हणतो. वाफ आणि हवा यांचं नेमकं पेटणारं मिश्रण याच क्षणी तयार असतं. पंपाचं काम मोकळ्या हवेत, आधी पाइपमधला दाब उतरवून आणि मग बॅटरीची निगेटिव्ह काढूनच करायचं. पंपाचा फ्यूज काढून इंजिन चालवलं की ते आपोआप बंद पडतं आणि दाब बराचसा उतरतो. विडी, वेल्डिंग, ग्राइंडर लांब ठेवायचे आणि अग्निशामक नळकांडं हाताशी.

गैरसमज: रिझर्व्हवर चालवली की तळाचा गाळ पंपात जातो. एरवी काही होत नाही.

वस्तुस्थिती: पंप इंधन नेहमी तळातूनच ओढतो. टाकी भरलेली असो की रिकामी, गाळ असेल तर तो कायम तिथेच असतो आणि पंपाच्या तोंडाची जाळी तो अडवते. रिझर्व्हचा खरा त्रास उष्णतेचा आहे. पातळी खाली गेली, की वळणावर आणि चढावर पंपाच्या तोंडाशी मध्येच हवा येते आणि वंगण नसलेली मोटर तापते. एखाद-दुसऱ्या वेळी काही बिघडत नाही. रोज शंभर-दोनशेचं पेट्रोल टाकून वर्षानुवर्षं काटा लाल खुणेवर ठेवणाऱ्यांचा पंप मात्र लवकर थकतो. पाव टाकी राहिली की भरायची, एवढी सवय पुरे.

गैरसमज: इथेनॉल आल्यापासून पंप जळायला लागले.

वस्तुस्थिती: दौंड-शिरूरच्या उसाशी नातं असलेला हा विषय असल्याने इथे मतं दोन्ही बाजूंनी तावातावाने मांडली जातात. देशात २० टक्के इथेनॉलचं पेट्रोल फेब्रुवारी २०२३ मध्ये विक्रीला आलं आणि २०२५ पर्यंत बहुतेक ठिकाणी तेच मिळू लागलं. या मिश्रणासाठी बनवलेल्या नव्या गाड्यांच्या पंपांना त्याची भीती नाही. जुन्या गाड्यांत रबरी नळ्या, सील आणि गॅस्केट लवकर फुगू किंवा कडक होऊ शकतात. काही जुन्या वाहनांत असे रबरी भाग २० ते ३० हजार किलोमीटरनंतर बदलावे लागू शकतात, असं पेट्रोलियम मंत्रालयानेही ऑगस्ट २०२५ मध्ये म्हटलं होतं.

दुसरी बाब पाण्याची. इथेनॉल पाणी शोषून घेतं. थोडं पाणी त्यात विरघळून निघून जातं, पण प्रमाण वाढलं की इथेनॉल आणि पाणी मिळून पेट्रोलपासून वेगळे होतात आणि तळाशी बसतात, नेमके पंपाच्या तोंडाशी. तेव्हा महिनोन्‌महिने उभी राहणारी गाडी अर्ध्या टाकीवर ठेवू नये, आणि टाकीच्या झाकणाचं रबर पावसाळ्याआधी तपासावं.

गैरसमज: ट्रॅक्टर-ट्रकने हवा धरली, म्हणजे डिझेल पंप काढावा लागणार.

वस्तुस्थिती: डिझेलच्या गाडीत दोन पंप असतात. फीड पंप टाकीतून डिझेल ओढतो, मुख्य पंप ते दाबाखाली नोझलकडे पाठवतो. जुने ड्रायव्हर या मुख्य पंपाला आजही ‘मायको पंप’ म्हणतात. मायको ही १९५१ साली बंगळूरला सुरू झालेली कंपनी. तिचा नाशिकचा कारखाना नोझल आणि इंजेक्टरसाठी प्रसिद्ध आहे, आणि २००८ पासून तिचं नाव बॉश झालं आहे. डिझेल संपलं, फिल्टर बदलला किंवा ओढणाऱ्या बाजूची नळी चिरली की लाइनमध्ये हवा शिरते. पंपाला त्यात इजा झालेली नसते.

जुन्या पद्धतीच्या इंजिनात हवा काढायची रीत सोपी आहे. फिल्टरवरचा ब्लीडर स्क्रू दोन आटे सैल करा आणि फीड पंपावरचा हँडपंप मारत राहा. आधी फेस येईल, मग फुटक्या बुडबुड्यांची धार. अखंड, स्वच्छ डिझेल आलं की हँडपंप दाबलेला असतानाच स्क्रू आवळा. मग मुख्य पंपावरच्या स्क्रूला तेच करा. दुसऱ्या दिवशी पुन्हा हवा धरली, तर चिरलेली रबरी नळी, सैल क्लिप किंवा तांब्याचा जुना वायसर शोधा. बाहेर डिझेल गळताना दिसलं नाही म्हणून फसू नका. ही बाजू ओढणारी असते, ती डिझेल गाळण्याऐवजी हवा आत घेते.

नव्या कॉमन रेल इंजिनात मात्र नोझलचे नट सैल करून हवा काढायचा जुना खाक्या चालत नाही. तिथे दाब १६०० बारच्याही पुढे जातो. एवढ्या दाबाची सुईसारखी धार कातडी भेदून डिझेल आत सोडते. जखम टाचणीएवढी दिसते, पण बोट किंवा हात गमवायची वेळ येऊ शकते. असं काही झालं तर दुखत नसलं तरी ताबडतोब मोठ्या रुग्णालयात जायचं.

गैरसमज: डिझेलमध्ये थोडं रॉकेल टाकलं की पंप साफ राहतो आणि पैसेही वाचतात.

वस्तुस्थिती: पंपाचे आतले भाग डिझेलच्याच वंगणावर चालतात. रॉकेल पातळ असतं, त्याने धातूवर धातू घासतो. बीएस-६ आल्यावर, १ एप्रिल २०२० पासून, डिझेलमधलं गंधक ५० पीपीएमवरून १० पीपीएमवर आलं. ते काढताना डिझेलचं मूळचं वंगण कमी होतं आणि रिफायनरीला वेगळं रसायन घालून ते भरून काढावं लागतं. त्यात रॉकेल ओतणं म्हणजे ही भरपाई पुन्हा बिघडवणं. कॉमन रेलचा पंप घासला की धातूचा चुरा रेल आणि इंजेक्टरमध्ये जातो. मग एकटा पंप बदलून भागत नाही, सगळी लाइन धुवावी लागते आणि इंजेक्टरही तपासावे लागतात.

भेसळ हा गुन्हा आहे आणि त्यामागची टोळी किती निर्ढावलेली असते हे महाराष्ट्राने पाहिलं आहे. मनमाडजवळ पानेवाडीत भेसळीचा अड्डा पकडायला गेलेले अपर जिल्हाधिकारी यशवंत सोनवणे यांना २५ जानेवारी २०११ रोजी जिवंत जाळण्यात आलं. आपल्या टाकीत काय जातंय याची शंका आली, तर पेट्रोल पंपावर फिल्टर पेपर मागा, तो ग्राहकाचा हक्क आहे. पेट्रोलचा थेंब त्यावर टाकल्यावर दोनेक मिनिटांत डाग न ठेवता उडून जायला हवा. घनताही मोजून मागता येते. ती नोंदवलेल्या आकड्यापेक्षा तीन एककांहून जास्त वर-खाली असू नये.

शेतावर कॅन किंवा बॅरलमध्ये डिझेल साठवणाऱ्यांनी आणखी एक पथ्य पाळावं. बॅरल एक रात्र स्थिर राहू द्यावा, तळाचं दोन बोटं डिझेल ट्रॅक्टरमध्ये ओतू नये आणि फिल्टरखालच्या वाटीतलं पाणी नियमित सोडावं.

गैरसमज: नवा पंप बसला की काम संपलं.

वस्तुस्थिती: जुना पंप का गेला हे न शोधता बसवलेला नवा पंप त्याच वाटेने जातो. टाकीत गंज किंवा पाणी असेल तर टाकी आधी धुवायला हवी. तोंडाची जाळी, बाहेरचा फिल्टर आणि झाकणाखालची रबरी रिंग नवीच हवी. जुनी रिंग परत बसवली की टाकी भरल्यावर गाडीत पेट्रोलचा वास येतो. कनेक्टर करपलेला असेल तर तोही बदलावा. प्रत्येक वेळी टाकी उतरवावी लागते हेही खरं नाही. बऱ्याच मोटारींत मागच्या सीटखाली झाकण असतं, त्यामुळे मजुरी ठरवण्याआधी ते विचारून घ्यावं.

गाडी महामार्गावरच बंद पडली, तर ही सगळी तपासणी तिथे करत बसू नका. जमेल तेवढी गाडी डाव्या कडेला घ्या, चारी इंडिकेटर लावा, त्रिकोण बराच मागे ठेवा, माणसांना कठड्यापलीकडे उभं करा आणि राष्ट्रीय महामार्गाच्या १०३३ या मदत क्रमांकावर फोन करा. गॅरेजमध्ये पोचल्यावर मिस्त्रीला तीनच गोष्टी विचारा: कनेक्टरवर व्होल्टेज किती आला, गेजवर दाब किती दिसला आणि जुना पंप कशामुळे गेला. उत्तरं आकड्यांत मिळाली तर खुशाल पंप बदला, बिलावर पार्ट नंबर लिहून घ्या आणि जुना पंप मागून घ्या. आकडे नसतील तर पाकीट खिशातच राहू द्या.