ग्रीवाभग्न, कवटीचा चिमटा आणि आपले कर्तव्य

ऊसगाळपाचा हंगाम सुरू झाला की इंदापूर व बारामती तालुक्यांतील दवाखान्यांत येणाऱ्या रुग्णांचे स्वरूप बदलते. कोयत्याच्या जखमांबरोबर पडझडीचे रुग्ण वाढतात. डोक्यावर मोळी घेऊन फळीवरून ट्रकवर चढणारा मजूर घसरला, तर मोळीचा भार व पडण्याचा वेग दोन्ही मानेवर येतात. उन्हाळ्यात पाणी खाली गेलेल्या विहिरीत सूर मारणारी मुले, झाडावरून पडलेला शेतकरी, मोटारसायकलवरून फेकला गेलेला तरुण, या सर्वांत मानेच्या कण्याला धोका असतो. असा रुग्ण पुष्कळदा प्रथम आपल्याकडे येतो. म्हणूनच मोठ्या रुग्णालयात वापरल्या जाणाऱ्या एका उपकरणाविषयी, म्हणजे कवटीच्या चिमट्याविषयी, या त्रैमासिकात लिहिणे मला अगत्याचे वाटले.

काही वर्षांपूर्वी हंगामाच्या ऐन भरात तिशीतला एक ऊसतोड मजूर वालचंदनगर येथील माझ्या दवाखान्यात आणला गेला. दोघांनी काखेत हात घालून त्याला चालवत आणले होते. पडल्यावर एका औषधाच्या दुकानातून मऊ कॉलर व वेदनाशामक गोळ्या घेऊन त्याने दोन तास काढले होते. सोबतच्यांचा आग्रह एकच होता, "डॉक्टर, मान धरलीय, जरा ओढून बसवा, तेल चोळून द्या." प्रामाणिकपणे सांगतो, तेलाची बाटली माझ्या हातात आलीही होती. परंतु तो अंगठा पुनःपुन्हा चोळत होता. विचारले तर अंगठा व तर्जनी बधिर झाल्याचे म्हणाला. मनगट वर उचलण्यास सांगितले, तर एका हाताचे उचलेना. मी बाटली खाली ठेवली, डोके दोन्ही हातांत स्थिर धरून त्याला चौघांकरवी फळीवर घेतले आणि १०८ क्रमांकावर दूरध्वनी करविला. पाचवा ग्रीवामणका सहाव्यावर पुढे सरकल्याचे क्ष-किरण चित्रात दिसले. कवटीला चिमटा लावून मणका जागेवर आणण्यात आला व पुढे शस्त्रकर्माने स्थिर केला गेला. तो रुग्ण आज चालतो, काम करतो. मी त्या दिवशी मान ओढली असती, तर काय झाले असते याचा विचार आजही मनातून जात नाही.

सुश्रुतोक्त उपक्रम

भग्नचिकित्सेत आञ्छन, पीडन, संक्षेप व बन्धन हे चार उपक्रम आपण सर्वांनी अभ्यासले आहेत. सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानातील तिसऱ्या अध्यायात ग्रीवेचा स्वतंत्र उल्लेख आहे. मान वळली असता किंवा खाली आत बसली असता, अवटू (मानेची मागील बाजू) व हनू येथे धरून ती वर उचलावी, नंतर कुशा लावून वस्त्रपट्टाने वेष्टन करावे आणि रुग्णास सात रात्री उताणे निजवावे, असा तो विधी आहे. प्रथम आञ्छन, मग बन्धन, मग निश्चल शयन हा क्रम आजच्या शल्यचिकित्सेतही टिकून आहे.

विशेष म्हणजे अवटू व हनू हीच दोन स्थाने आजच्या कापडी वा चामडी गलपट्ट्याच्या कर्षणात आधारासाठी वापरली जातात. या पद्धतीची मर्यादाही तेथेच आहे. हनुवटीची त्वचा थोडेच वजन सोसते. वजन वाढविले की तेथे व्रण होतो, जबडा दाबला जातो आणि रुग्णास खाणे अवघड होते. निखळलेला मणका जागेवर आणण्यास याहून पुष्कळ अधिक ओढ लागते. ती त्वचेवर न देता सरळ कवटीच्या अस्थीवर द्यावी, या विचारातून चिमटा निर्माण झाला.

चिमट्याचे स्वरूप व कार्य

अमेरिकेतील शल्यविशारद क्रचफिल्ड यांनी १९३३ साली कवटीत आधार घेऊन मानेचे कर्षण केल्याचे वृत्त प्रसिद्ध केले. त्यांच्या चिमट्यासाठी कवटीच्या बाह्य पटलात लहान छिद्रे पाडावी लागत. १९७३ साली गार्डनर यांनी स्प्रिंगयुक्त टोकांच्या चिमट्याचे तत्त्व मांडले. हा गार्डनर-वेल्स चिमटा छिद्रे न पाडता बसविता येतो, म्हणून आज तोच अधिक प्रचारात आहे.

स्थानिक बधिरीकरण करून, त्वचा निर्जंतुक करून, दोन्ही कानांच्या पाळीवर सुमारे एक सेंटिमीटर, कर्णछिद्राच्या रेषेत त्याची टोके बसवितात. दोन्ही बाजूंचे स्क्रू एकाच वेळी आवळतात. एका टोकावरील दर्शक खुंटी एक मिलिमीटर बाहेर आली की दाब योग्य झाला असे समजतात. नंतर दोरी व कप्पीवरून साधारण साडेचार किलो वजनाने आरंभ करून ते दोन-अडीच किलोंच्या टप्प्यांनी वाढवितात. प्रत्येक टप्प्यावर क्ष-किरण चित्र घेतात आणि हातापायांची शक्ती व संवेदना पुनःपुन्हा तपासतात. याकरिता रुग्ण जागा असून उत्तर देणारा असावा लागतो. एखादे लक्षण वाढले, तर तत्काळ वजन उतरवितात.

सर्वांनाच चिमटा चालतो असेही नाही. टोके बसवावयाच्या जागी कवटी भग्न असेल, तर तो लावता येत नाही. डोके व पहिला मणका यांमधील बंधनेच तुटली असतील, तर ओढ देणे प्राणघातक ठरू शकते. रुग्ण बेशुद्ध असेल, तर सरकलेली चकती मज्जारज्जूवर दाबली जाण्याचा धोका ओळखण्यासाठी आधी एमआरआय आवश्यक ठरतो. सुश्रुतोक्त आञ्छन आपल्या हाताने करण्याचा मोह का टाळावा, याचे उत्तर येथेच मिळते. कोणत्या मानेस ओढ हितकर व कोणत्या मानेस घातक, हे आतील स्थिती पाहिल्याविना ठरत नाही.

या विषयात महाराष्ट्राचे योगदान अभिमानास्पद आहे. मुंबईच्या केईएम रुग्णालयातील डॉ. अतुल गोयल व डॉ. लाहेरी यांनी पहिल्या व दुसऱ्या ग्रीवामणक्यांना पट्टी व स्क्रूंनी स्थिर करण्याची पद्धत १९९४ साली प्रसिद्ध केली. २००१ साली हार्म्स व मेल्चर यांनी तीत स्क्रू व सळईचा बदल केला. आज ती गोयल-हार्म्स पद्धत म्हणून जगभर ओळखली जाते. डॉ. गोयल यांच्या शस्त्रकर्मात रुग्णास पालथे निजवून गार्डनर-वेल्स चिमट्यानेच ओढ दिली जाते. आधी आञ्छन व मग बन्धन हा क्रम येथेही दिसतो.

प्रथम भेटीत काय करावे

पडल्यानंतर मानेच्या मध्यरेषेत दाबल्यावर दुखणे, हातापायांत मुंग्या वा दुर्बलता, शुद्धीत फरक, मद्यपान, किंवा लक्ष वेधून घेणारी दुसरी मोठी इजा, यांपैकी एकही गोष्ट असेल तर मान भग्न आहे असे गृहीत धरावे. छाती न हलता केवळ पोटाने श्वास चालणे, मूत्र अडणे, रक्तदाब कमी असूनही नाडी मंद असणे, ही गंभीर मज्जाघाताची लक्षणे होत.

अशा रुग्णास बसवू नये, चालवू नये, मान फिरवून पाहू नये. एकाने डोके दोन्ही बाजूंनी स्थिर धरावे, ओढू नये. इतर तिघांनी खांदे, कंबर व पाय एकाच वेळी वळवून रुग्ण फळीवर घ्यावा. डोक्याच्या दोन्ही बाजूंस गुंडाळलेली चादर किंवा वाळूच्या पिशव्या ठेवून कपाळावरून पट्टा बांधावा. श्वासमार्ग मोकळा करताना मान मागे न झुकविता केवळ जबडा पुढे उचलावा. महाराष्ट्रात २०१४ पासून १०८ ची रुग्णवाहिका सेवा आहे. जीपमध्ये बसवून नेण्यापेक्षा तिची वाट पाहणे श्रेयस्कर. बाहेर काढलेले क्ष-किरण चित्र आपल्याकडे आले, तर सातवा ग्रीवामणका व त्याखालचा सांधा दिसतो की नाही हे अवश्य पाहावे. खांद्यांच्या छायेत तो भाग पुष्कळदा झाकला जातो.

औषधविक्रेत्या बंधूंसाठी

आपल्या दुकानात मऊ कॉलर व घरी लावावयाचा कर्षणसंच मिळतो. मऊ कॉलर भग्न मानेस स्थिर करीत नाही, मात्र उपचार झाल्याचा खोटा दिलासा देते. घरगुती कर्षणसंच मणक्यांच्या झिजेसाठी, तोही तपासणीनंतर वापरावयाचा असतो. यांपैकी काहीही देण्यापूर्वी "पडलात का? मार लागला का?" एवढे विचारावे. उत्तर होकारार्थी असेल, तर विक्री थांबवून रुग्णास तेथेच आडवे निजवावे.

उत्तरकालीन चिकित्सा

रुग्ण घरी परतल्यानंतर आपले कार्य सुरू होते. परंतु तेथेही सावधानता हवी. संवेदना नसलेल्या अंगावर स्वेदन केल्यास रुग्णास चटका कळत नाही व खोल दाह होतो. चिमट्याच्या टोकांच्या व्रणांवर तेल घालू नये. इजा सहाव्या वक्षमणक्याच्या वर असेल, तर भरलेले मूत्राशय, मलावरोध किंवा बस्तीकर्म यांमुळेही रक्तदाब एकाएकी धोकादायक वाढू शकतो. तीव्र शिरःशूल व इजेच्या वरील भागात घाम ही त्याची सूचना होय. अशा वेळी उपक्रम थांबवून रुग्णास बसते करावे, मूत्रमार्ग मोकळा आहे का हे पाहावे आणि त्वरित रुग्णालय गाठावे. मात्र बसते करण्यापूर्वी मान स्थिर झाल्याची शल्यचिकित्सकांकडून खात्री झालेली असावी. दर दोन तासांनी कूस बदलणे, त्वचेची पाहणी, पथ्याहार व सांध्यांच्या हालचाली यांत वैद्याचे नित्य लक्ष शय्याव्रण टाळू शकते. लाक्षादि गुग्गुळासारखी अस्थिसंधानकर योजना शल्यचिकित्सकांच्या संमतीने अवश्य करावी.

गाळप हंगामापूर्वी तालुक्याच्या बैठकीत चौघांनी मिळून रुग्ण फळीवर घेण्याचे प्रात्यक्षिक ठेवावे, ही नम्र सूचना. त्यास अर्धा तास व एक फळी पुरेशी आहे. पुढचा मजूर कोणाच्या दारात आणला जाईल हे सांगता येत नाही. त्या वेळी आपले हात तयार असावेत.