व्हॅलिडिटीची तीन दशके

जातीचा दाखला आणि त्याची 'व्हॅलिडिटी' या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे महाराष्ट्रातल्या बऱ्याच घरांना मुलाच्या बारावीच्या निकालानंतरच कळते. दाखला प्रांत कार्यालयातून मिळतो, तो टिकतो की नाही हे पडताळणी समिती ठरवते. ही दुसरी पायरी का आली हे समजून घ्यायचे तर 1976 पर्यंत मागे जावे लागते.

तोवर अनुसूचित जमातींच्या यादीला क्षेत्राची बंधने होती. ठरावीक जिल्ह्यांतल्या, तालुक्यांतल्या माणसालाच महादेव कोळी किंवा हलबा म्हणून सवलत मिळे. 1976 च्या दुरुस्तीने हे क्षेत्रबंधन उठले. हद्दीपलीकडचा खरा आदिवासी वंचित राहू नये, हा हेतू रास्तच होता. पण नावातल्या साधर्म्यावर विसंबून दावे करणाऱ्यांनाही त्यामुळे वाट मिळाली. मेडिकलच्या जागांवर आणि सरकारी नोकऱ्यांत त्याचे परिणाम दिसू लागले. राज्याने शासन निर्णयांनी तपासणी समित्या नेमल्या, पण त्यांच्यामागे कायद्याचे बळ नव्हते.

2 सप्टेंबर 1994 रोजी सर्वोच्च न्यायालयाने माधुरी पाटील खटल्यात निकाल दिला. प्रकरण महाराष्ट्रातलेच होते, महादेव कोळी असल्याच्या दाव्याचे आणि वैद्यकीय शिक्षणाच्या प्रवेशाचे. न्यायालयाने दावा तर फेटाळलाच, शिवाय साऱ्या देशासाठी पंधरा निर्देश घालून दिले. तीन सदस्यांची समिती, तिच्या हाताखाली पोलिसांचे दक्षता पथक, मूळ गावी जाऊन चौकशी, आणि जमातीचे देव, लग्नविधी, अंत्यविधी यांविषयीची विचारपूस. हीच ती 'अ‍ॅफिनिटी टेस्ट'. या निर्देशांत आणखी एक गोष्ट होती: प्रवेशाच्या किंवा नेमणुकीच्या निदान सहा महिने आधी अर्ज करावा, आणि समितीने रोजच्या रोज सुनावणी घेऊन दोन महिन्यांच्या आत निकाल द्यावा.

महाराष्ट्राने पुढे स्वतंत्र कायदाच केला. 2000 चा हा अधिनियम ऑक्टोबर 2001 मध्ये लागू झाला. अनुसूचित जाती-जमातींबरोबर विमुक्त, भटके, इतर मागास आणि विशेष मागास असे सगळेच त्याच्या कक्षेत आले. कलम 8 प्रमाणे सिद्धतेचा भार अर्जदारावर. दाखला खोटा ठरला तर कलम 10 प्रमाणे प्रवेश, नोकरी, पदवी, निवडून आलेले पद सारे जाते, आणि कलम 11 प्रमाणे सहा महिने ते दोन वर्षे सक्तमजुरी होऊ शकते.

भार अर्जदारावर म्हणजे प्रत्यक्षात कशावर? आजोबा-पणजोबांच्या कागदावर. अनुसूचित जातींसाठी 10 ऑगस्ट 1950, जमातींसाठी 6 सप्टेंबर 1950, विमुक्त-भटक्यांसाठी 21 नोव्हेंबर 1961, इतर मागासवर्गासाठी 13 ऑक्टोबर 1967. या तारखांपूर्वीचा वास्तव्याचा आणि जातीचा पुरावा लागतो. मग कोतवाल बुक, शाळेचे जनरल रजिस्टर, जुने हक्कनोंदणीचे उतारे शोधत फिरणे आले. आयुष्यभर पालावर राहिलेल्या भटक्याच्या पणजोबाचे नाव कोणत्या शाळेच्या रजिस्टरात सापडणार? ज्यांच्यासाठी आरक्षण आहे त्यांच्याकडेच कागद सर्वांत कमी, हे या कायद्याचे जुने दुखणे आहे.

न्यायालयांनी त्यावर थोडेफार उपाय केले. 2010 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने सांगितले की रक्ताच्या नात्यातल्या एकाला रीतसर चौकशीअंती व्हॅलिडिटी मिळाली असेल, तर ती फसवणुकीने मिळवल्याचे दिसत नसताना दुसऱ्याला नाकारू नये. 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्वातंत्र्यपूर्व कागदाला अधिक वजन दिले. मार्च 2023 मध्ये, ठाकूर जमातीच्या प्रकरणात, अ‍ॅफिनिटी ही अंतिम कसोटी नाही, हे त्रिसदस्य पीठाने पुन्हा ठासून सांगितले. शहरात दोन पिढ्या राहिलेल्या मुलीला जमातीच्या चालीरीती तोंडपाठ नसतील, तर त्यात नवल ते काय!

बोगस दाव्यांचे काय करायचे, यावर मात्र न्यायालयाचीही भूमिका बदलत गेली. नोव्हेंबर 2000 मध्ये मिलिंद प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने हलबा-कोष्टी म्हणजे हलबा नव्हे असे ठरवले, पण कायम झालेले प्रवेश आणि नेमणुका अबाधित ठेवल्या. त्या आधारावर पुढे कितीतरी नोकऱ्या वाचल्या. 6 जुलै 2017 च्या बहिरा निकालाने ही सवलत संपवली: दावा अवैध ठरला की लाभही गेला, हेतू प्रामाणिक होता की नाही हे गैरलागू. यावर राज्य सरकारने 21 डिसेंबर 2019 च्या निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येबाहेरच्या, पदांवर घेतले. माणुसकीच्या नजरेने ते समजण्यासारखे आहे. पण ज्या खऱ्या आदिवासी तरुणाची जागा इतकी वर्षे अडली, त्याला कोणी अधिसंख्य पद दिले नाही.

राजकारणाने तर या समित्यांना भलतेच वलय दिले. 2024 च्या लोकसभा निवडणुकीत रामटेकच्या काँग्रेस उमेदवाराची व्हॅलिडिटी ऐन अर्जांच्या दिवसांत रद्द झाली आणि उमेदवारी गेली. त्यांच्याऐवजी पती उभे राहिले आणि निवडून आले. त्याच निवडणुकीत अमरावतीच्या नवनीत राणांना सर्वोच्च न्यायालयातून दिलासा मिळाला. उच्च न्यायालयाने 2021 मध्ये रद्द केलेला त्यांचा दाखला पुन्हा वैध ठरला. निवडणूक त्या हरल्या, हा भाग वेगळा.

आणि आता मराठा आरक्षणाच्या मागणीतून पुढे आलेल्या कुणबी नोंदी. त्या शोधण्यासाठी नेमलेल्या शिंदे समितीने मोडी आणि उर्दू दप्तरे चाळली, 2 सप्टेंबर 2025 रोजी हैदराबाद गॅझेटियरचा शासन निर्णय निघाला. त्या आधारावर निघणारा प्रत्येक दाखलाही शेवटी समितीसमोरच यायचा आहे.

समित्यांवरचे काम वाढत गेले आणि प्रवेशाच्या हंगामात मुदतवाढीचे आदेश निघणे नेहमीचे झाले. 1994 च्या पंधरा निर्देशांपैकी शिक्षेचा आणि चौकशीचा भाग आपण कायद्यात कडक करून घेतला. दोन महिन्यांत निकाल देण्याचा निर्देश मात्र सर्वांत कमी पाळला गेला, आणि त्याबद्दल शिक्षा झाली ती अर्जदारालाच.