निकी हिल्ट्झ कोणत्या गटात धावतात?

मागच्या महिन्यात इथल्या एका हाफ मॅरेथॉनचा फॉर्म भरत होते. नाव, जन्मतारीख, टी-शर्टचा साइझ आणि मग गट: पुरुष, स्त्री, नॉन-बायनरी. तेवढ्यात सांगलीहून आईचा व्हिडिओ कॉल आला. तिला स्क्रीन दाखवली तर म्हणाली, "तिसरं काय गं ते? आणि नुसतं पळायला एवढं कशाला विचारतात?"

पहिल्या प्रश्नाचं उत्तर एका वाक्यात देता येतं. स्वतःची ओळख 'पुरुष' किंवा 'स्त्री' यांपैकी कुठल्याच एका शब्दात बसत नाही, असं ज्यांना वाटतं, त्यांच्यासाठी नॉन-बायनरी हा शब्द आहे. दुसरा प्रश्न मात्र चांगलाच अवघड आहे, आणि या भागात आपण त्याबद्दलच बोललो.

सुरुवात निकी हिल्ट्झ यांच्यापासून करू. कॅलिफोर्नियात वाढलेले हे अमेरिकन धावपटू १५०० मीटर आणि एक मैल या शर्यतींत उतरतात. ३१ मार्च २०२१ रोजी, म्हणजे ट्रान्सजेंडर दृश्यमानता दिनी, आपण ट्रान्सजेंडर आणि नॉन-बायनरी आहोत हे निकींनी जाहीर केलं. जुलै २०२३ मध्ये मोनॅकोत त्यांनी एक मैल ४ मिनिटं १६.३५ सेकंदांत पूर्ण केला आणि मेरी स्लेनी यांचा १९८५ पासूनचा अमेरिकन महिला विक्रम मोडला. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये १५०० मीटरच्या अंतिम फेरीत सातवा क्रमांक मिळवला.

आता भाषेचं बघा. इंग्रजीत निकी 'दे' हे सर्वनाम वापरतात. मराठीत आपल्याकडे आदरार्थी 'ते' आहेच, तेच मी इथे वापरतेय. 'धावतात' म्हटलं की लिंग कळत नाही, 'धावले' म्हटलं की पुल्लिंग डोकावतं. पण 'शर्यत जिंकली' म्हणताना क्रियापद शर्यतीप्रमाणे चालतं, धावणाऱ्याप्रमाणे नाही. रेकॉर्डिंग करताना आम्ही दोन-तीनदा अडखळलो, मग जमलं.

ऑलिंपिकमध्ये मात्र अशी सोय नाही. तिथे गट दोनच. जन्मावेळी निकींची नोंद मुलगी म्हणून झाली होती आणि ते महिला गटात धावतात. म्हणजे मनातली ओळख एक आणि निकालपत्रकावरचा गट दुसरा.

प्रश्न एक नाही, दोन आहेत

खेळ आणि एलजीबीटीक्यू समावेश हा विषय निघाला की दोन वेगळे प्रश्न एकमेकांत मिसळतात.

पहिला प्रश्न पदकांचा. वयात येताना टेस्टोस्टेरॉनमुळे शरीरात जे बदल होतात, त्यांमुळे अव्वल पुरुष आणि अव्वल स्त्री धावपटूंच्या वेळेत साधारण १० ते १२ टक्के फरक पडतो. महिलांचा गट वेगळा ठेवला जातो तो याचसाठी. त्यामुळे त्या गटात कोण बसतं हा प्रश्न खरा आहे, तो विचारणारे सगळे द्वेषापोटी विचारतात असं नाही. पण उत्तरं वारंवार बदलली आहेत आणि त्यांची किंमत माणसांनी मोजली आहे. आपल्या द्युती चंद यांना २०१४ मध्ये नैसर्गिक हार्मोनच्या पातळीवरून अपात्र ठरवलं गेलं. २०१५ मध्ये क्रीडा लवादानं तो नियमच स्थगित केला. मार्च २०२३ पासून वर्ल्ड अॅथलेटिक्सनं पुरुषी यौवनावस्थेतून गेलेल्या ट्रान्स स्त्रियांना आंतरराष्ट्रीय महिला स्पर्धांतून वगळलं आणि २०२५ मध्ये महिला गटासाठी जनुकीय चाचणी आणली.

दुसरा प्रश्न फॉर्मचा. बॉस्टन मॅरेथॉनला सुमारे तीस हजार माणसं धावतात. त्यांतली पदकासाठी किती? मूठभर. बाकीच्यांची शर्यत घड्याळाशी असते. त्यांना 'तुम्ही कोण' हे विचारताना दोनच पर्याय का द्यायचे?

निकींनी यावर स्वतःच काहीतरी करून दाखवलं. २०२० मध्ये शर्यती बंद होत्या, तेव्हा त्यांनी 'प्राइड ५के' ही आपापल्या गावी धावायची व्हर्च्युअल शर्यत सुरू केली. त्यातून जमलेला निधी एलजीबीटीक्यू तरुणांच्या आत्महत्या रोखण्यासाठी काम करणाऱ्या 'ट्रेव्हर प्रोजेक्ट'ला दिला. मोठ्या शर्यतीही हळूहळू बदलल्या. न्यूयॉर्क मॅरेथॉननं २०२१ मध्ये नॉन-बायनरी गट आणला, २०२३ मध्ये बॉस्टन आणि लंडनही आले.

मग कोणी गैरफायदा घेतला तर?

बॉस्टनला पात्र ठरायला ठरावीक वेळेत आधी एक मॅरेथॉन पूर्ण करावी लागते. २०२६ च्या शर्यतीसाठी १८ ते ३४ वयोगटात ही वेळ पुरुषांना २ तास ५५ मिनिटं, स्त्रियांना ३ तास २५ मिनिटं आणि नॉन-बायनरी धावपटूंनाही ३ तास २५ मिनिटं आहे. "मग अर्ध्या तासाच्या सवलतीसाठी कोणीही तिसऱ्या रकान्यात टिक करेल की!" ही शंका रास्त आहे. पण हे निकाल जाहीर असतात. ऑफिसातले, नातेवाईक, सगळे बघू शकतात. आजच्या वातावरणात केवळ सवलतीसाठी आपलं नाव त्या यादीत किती जण लावतील, तुम्हीच विचार करा.

आणि बॉस्टनचा इतिहासही आठवा. १९६७ मध्ये कॅथरीन स्वित्झर यांनी 'के. व्ही. स्वित्झर' नावानं नोंदणी केली. फॉर्ममध्ये स्त्री की पुरुष असा रकानाच नव्हता, कारण ही शर्यत पुरुषांचीच मानली जायची. वाटेत एका अधिकाऱ्यानं त्यांचा २६१ नंबर ओढून काढायचा प्रयत्न केला. १९७२ मध्ये स्त्रियांना अधिकृत प्रवेश मिळाला, तेव्हा आठ जणी सुरुवातीला उभ्या होत्या. आठहीजणींनी शर्यत पूर्ण केली. नुसती संख्या बघून 'यांच्यासाठी वेगळा गट कशाला' असं तेव्हाही म्हणता आलं असतं.

आमच्या लॅबमधली एक व्यक्ती रोज पहाटे नदीकाठी दहा किलोमीटर धावते. कित्येक वर्षं तिनं एकाही शर्यतीत नाव दिलं नव्हतं. का, असं विचारलं तर उत्तर आलं, "पहिल्याच पानावर खोटं लिहावं लागतं." या वर्षी आम्ही दोघांनी एकाच शर्यतीचा फॉर्म भरलाय. माझ्यापेक्षा वीस मिनिटं आधी ती पोचणार, यात मला शंका नाही.

पदकांचा प्रश्न तुमच्या-माझ्या हातात नाही. फॉर्मचा मात्र असू शकतो. तुमच्या महाराष्ट्र मंडळाच्या पाच किलोमीटर रनचा गूगल फॉर्म दरवर्षी कोणीतरी बनवतंच ना? तो तुम्ही बनवत असाल, तर पाठवण्याआधी एकदा तो रकाना बघा.