भाऊचा धक्का: पायी प्रवाशाचं बंदर

नाशिकहून अलिबागला निघालेल्या कुटुंबापुढे आज एक पर्याय असतो. कसारा घाट उतरून मुंबई गाठायची, माझगावजवळच्या भाऊच्या धक्क्यावर गाडी थेट बोटीच्या पोटात न्यायची आणि तासाभरात मांडव्याला उतरायचं. मुंबई ते मांडवा हे रस्त्याने शंभरहून अधिक किलोमीटरचं अंतर असं पाण्यावरून संपतं. घाटावरच्या माणसाला याचं अप्रूप वाटणं साहजिक आहे. पण हा धक्का गाड्यांसाठी जन्माला आला नव्हता. तो बांधला गेला चालत येणाऱ्या, डोक्यावर बोचकं घेतलेल्या माणसासाठी.

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मुंबईला येणारं गलबत किनाऱ्यापासून दूर नांगर टाकत असे. तिथून लहान होडीत उतरायचं, आणि ओहोटी असेल तर पुढचा चिखल तुडवायचा. बायका, मुलं, म्हातारी माणसं, सगळ्यांचा हाच मार्ग. लक्ष्मण हरिश्चंद्रजी अजिंक्य, लोकांच्या तोंडी ‘भाऊ’, यांनी किनाऱ्यावर भराव घालून १८४० च्या सुमारास पक्का धक्का उभा केला. कागदोपत्री नावं पुढे बदलत गेली, इंग्रजीत तो ‘फेरी व्हार्फ’ झाला, पण लोकांनी भाऊंना सोडलं नाही. साहेबांच्या नावांच्या गोद्या आणि बंदरं भोवती असताना एका मराठी माणसाचं नाव या जागेला चिकटून राहिलं, याचा अभिमान वाटावा असंच ते आहे.

मूळ धक्का आजच्या जागेच्या दक्षिणेला, कर्नाक बंदर-चिंचबंदराच्या बाजूला होता. १८७३ मध्ये पोर्ट ट्रस्ट स्थापन झाला, मोठ्या जहाजांसाठी गोद्या बांधल्या गेल्या आणि प्रवासी उत्तरेकडे सरकले.

धक्क्यावरून निघालेल्या बोटी अर्ध्या कोकणाचं जीवन चालवत होत्या. दाभोळ, जयगड, रत्नागिरी, विजयदुर्ग, मालवण, वेंगुर्ले अशी बंदरं घेत बोट गोव्याकडे जायची. अनेक ठिकाणी ती खोल पाण्यात थांबे आणि पडाव प्रवाशांना न्यायला येई. पावसाळा लागला की ही लांब पल्ल्याची बोट बंद. गावी जाणं, परतणं, लग्नं, औषधपाणी, सारं या वेळापत्रकाला बांधलेलं असे.

आणि मग १७ जुलै १९४७. आषाढ अमावास्या. सकाळी आठच्या सुमारास ‘रामदास’ ही आगबोट धक्क्यावरून रेवसकडे निघाली. बोटीवर सातशेच्या आसपास माणसं होती. सणासाठी घरी जाणारे कामगार, व्यापारी, कोळी. वादळी हवेत काशाच्या खडकाजवळ लाटांचं पाणी आत आलं, घाबरलेले प्रवासी एका बाजूला धावले आणि बोट कलंडली. सहाशेहून अधिक माणसं बुडाली. बोटीवर बिनतारी यंत्रणा नव्हती, त्यामुळे मुंबईला कित्येक तास पत्ताच लागला नाही. ज्यांना वाचवलं, त्यांतल्या बहुतेकांना रेवसच्या कोळ्यांनी आपल्या होड्यांत ओढून घेतलं. स्वातंत्र्याला महिनाही उरला नव्हता. देशाच्या आनंदात रायगडच्या शेकडो घरांचं दुःख झाकलं गेलं, ही खंत त्या किनाऱ्यावर आजही बोलली जाते आणि ती रास्त आहे.

बोटीवर नेमकी किती माणसं, प्रत्येकाला जीवरक्षक जॅकेट मिळालं का, हे प्रश्न त्यानंतर तरी संपायला हवे होते. १८ डिसेंबर २०२४ रोजी गेटवेहून घारापुरीला निघालेल्या ‘नीलकमल’ला इंजिनाची चाचणी घेणारी नौदलाची स्पीडबोट धडकली आणि १५ जणांचा जीव गेला. ‘नीलकमल’वर परवान्यातल्या संख्येपेक्षा अधिक प्रवासी होते. जॅकेटची सक्ती त्यानंतर जोराने सुरू झाली. सत्त्याहत्तर वर्षांनी!

मधल्या काळात रस्ते सुधारले, ‘कोकण सेवक’, ‘कोकण शक्ती’ अशा बोटी इतिहासजमा झाल्या, १९९८ मध्ये कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावू लागली. धक्क्याकडे उरल्या मोरा आणि रेवसच्या लाँच आणि शेजारी पहाटेपासून गजबजणारा मासळीचा लिलाव. मार्च २०२० मध्ये रो-रो सेवा आली. ग्रीसमध्ये बांधलेली ‘एम टू एम १’ एका फेरीत सुमारे ५०० प्रवासी आणि शंभरावर वाहनं नेऊ शकते. उतरता दरवाजा धक्क्याला टेकतो आणि गाड्या एकामागून एक आत शिरतात. साध्या लाँच पावसाळ्यात मांडव्याला जात नाहीत, ही बोट मात्र हवा बरी असेल तर पावसातही चालते.

मोऱ्याचा प्रवासी मात्र वेगळ्या धक्क्यावर उभा असल्यासारखा आहे. मोरा हे उरणचं बंदर, समोरच्या काठावर. तिथे गाळ इतका साचतो की मोठ्या ओहोटीला लाँच जेट्टीला लागूच शकत नाही आणि फेऱ्या काही तास थांबवाव्या लागतात. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास हे ठरलेलंच. गाळ काढला जातो, पुन्हा भरतो. जानेवारी २०२४ मध्ये २१.८ किलोमीटरचा अटल सेतू खुला झाला आणि मोटार असलेल्यांना पर्याय मिळाला. तो पूल दुचाकीला आणि रिक्षाला बंद आहे, पायी माणसाचा तर प्रश्नच नाही. कामावर निघालेला उरणचा माणूस म्हणूनच आजही घर सोडण्याआधी भरती-ओहोटीची वेळ बघतो. मोऱ्याला रो-रो जेट्टीचं काम मंजूर होऊन वर्षं लोटली, ते रखडत राहिलं. मांडव्याला गाड्यांसाठी जी तत्परता दिसली, तिच्या निम्मी मोऱ्याच्या गाळासाठी दिसली, तरी उरणच्या माणसाची ती ताटकळ सुटेल.