जांभळ्या शाईतला एक

राज्यसभेच्या मतपत्रिकेवर आमदाराने फक्त आकडा घालायचा असतो. फुली नाही, बरोबरची खूण नाही, सही तर नाहीच. पसंती अक्षरांत लिहिली तरी मत बाद. आकडा मात्र देवनागरी वळणाचा चालतो, रोमनही चालतो. पेन निवडणूक आयोगाने दिलेले, जांभळ्या शाईचे. या पेनमागे हरियाणाची हकिगत आहे. २०१६ साली तिथे काँग्रेसच्या डझनभर आमदारांची मते वेगळ्या पेनने लिहिली म्हणून बाद झाली, पक्षाचा पाठिंबा असलेले आर. के. आनंद पडले आणि सुभाष चंद्रा राज्यसभेत गेले.

राज्यसभेची सदस्यसंख्या २४५. त्यांपैकी १२ जण राष्ट्रपती नेमतात, उरलेले २३३ निवडून येतात. महाराष्ट्राच्या वाट्याला १९ जागा आहेत, गोव्याला एक. मतदार म्हणजे त्या-त्या विधानसभेचे निवडून आलेले आमदार. विधान परिषदेच्या सदस्यांना इथे मत नाही. हे सभागृह कधी विसर्जित होत नाही. मुदत सहा वर्षांची आणि दर दोन वर्षांनी एक तृतीयांश सदस्य निवृत्त होतात. १९५२ साली लोकसभेच्या पहिल्या निवडणुकीत मुंबईत पराभूत झालेले डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्याच वर्षी मुंबई राज्यातून याच वाटेने संसदेत पोहोचले. लोकांच्या लाटेत जो टिकला नाही त्याचाही आवाज संसदेला हवा असतो, हे या सभागृहाचे प्रयोजन मला त्या एका निवडीत सगळ्यात स्पष्ट दिसते.

आता आकड्याकडे येऊ. आमदार आपल्या पहिल्या पसंतीच्या उमेदवारापुढे १ लिहितो, मग हवे तर दुसऱ्यापुढे २, तिसऱ्यापुढे ३. प्रत्येक मतपत्रिकेची किंमत १०० धरतात. एकूण वैध मतांच्या किमतीला जागांपेक्षा एकाने मोठ्या संख्येने भागायचे, अपूर्णांक सोडायचा आणि एक मिळवायचा. हा झाला कोटा. कोटा ओलांडून उरलेली किंमत वाया जात नाही. ती त्याच मतपत्रिकांवरच्या पुढच्या पसंतीकडे सरकते. म्हणून सभागृहात ज्याची जितकी ताकद, साधारण तितक्या त्याच्या जागा. बहुमतवाल्याने सगळे ताट आपल्याकडे ओढू नये, अशी ही रचना आहे. मला ती मनापासून आवडते.

तिचे काम पाहायचे तर १० जून २०२२ चा मुंबईतला विधान भवनातला दिवस पाहावा. जागा सहा, उमेदवार सात. त्याआधी १९९८ साली राज्यात अशी लढत झाली होती. एरवी पक्ष आपापसात जागा वाटून घेतात आणि निवडणूक बिनविरोध होते. मतदानाआधी आमदार हॉटेलांत ठेवले होते. पुण्याच्या मुक्ता टिळक आणि पिंपरी-चिंचवडचे लक्ष्मण जगताप गंभीर आजारी असताना रुग्णवाहिकेतून मतदानाला आले. पुढच्या सात महिन्यांत दोघेही गेले. त्या दोन मतांना सलाम करताना पक्ष पाहू नये.

२८८ आमदारांपैकी रमेश लटके यांचे मे महिन्यात निधन झाले होते. अनिल देशमुख आणि नवाब मलिक तुरुंगात होते, त्यांना मतदानाची परवानगी मिळाली नाही. मते पडली २८५. दोन्ही बाजूंनी आयोगाकडे तक्रारी गेल्या, संध्याकाळी सुरू व्हायची मोजणी कित्येक तास अडली. शेवटी शिवसेनेचे सुहास कांदे यांचे मत बाद झाले आणि निकाल पहाटे लागला. वैध मते २८४. २८,४०० भागिले ७, अधिक एक, म्हणजे कोटा ४,०५८.

पहिल्या पसंतीची मते अशी: पीयूष गोयल ४८, अनिल बोंडे ४८, इम्रान प्रतापगढी ४४, प्रफुल्ल पटेल ४३, संजय राऊत ४१, संजय पवार ३३, धनंजय महाडिक २७. सहाव्या जागेसाठी उरले कोल्हापूरचेच दोन गडी, आणि २७ मतांचा गडी ३३ मतांच्या गड्याला चीत करून गेला. अनेकांना हे अजब वाटले. त्यात अजब काही नाही. भाजपने गोयल आणि बोंडे यांना मुद्दाम जास्त मते दिली. त्या प्रत्येकाकडे कोट्यापेक्षा ७४२ जास्त होते आणि ती शिल्लक दुसऱ्या पसंतीने पक्षाच्या तिसऱ्या उमेदवाराकडे, महाडिकांकडे, वाहत आली. एकूण पाहा. भाजपच्या तीन उमेदवारांना १२३ मते, म्हणजे १२,३००. तीन कोट्यांना लागत होते १२,१७४. शिवसेना, राष्ट्रवादी काँग्रेस आणि काँग्रेस यांच्या महाविकास आघाडीच्या चौघांना १६१ मते, म्हणजे १६,१००. चार कोट्यांना लागत होते १६,२३२. आघाडी १३२ ने, म्हणजे जेमतेम सव्वा मताने उणी पडली.

कांदे यांचे मत धरले असते तर? मी कागदावर मांडून पाहिले. कोटा ४,०७२ वर जातो, आघाडीच्या १६२ मतांना तरी ८८ कमीच पडतात. मग तुरुंगातली दोन्ही मतेही आघाडीच्या पारड्यात टाकली. कोटा ४,१०१. आघाडीला कमी पडतात ४, भाजपला ३. शंभर किमतीच्या मतपत्रिकेतले तीन-चार अंश! दोन माणसांना मत देऊ न देण्याचा निर्णय किती जड असतो, हे मला त्या बेरजेने शिकवले. मतदानाचा हक्क ज्याचा आहे तो कोणत्या पक्षाचा आहे हे विसरून हा प्रश्न सोडवायला हवा.

१९९८ च्या लढतीत काँग्रेसचे राम प्रधान पडले होते, स्वपक्षाची मते फुटल्यामुळे. कोणी फोडली ते कागदोपत्री कळणे शक्य नव्हते, कारण तेव्हा मतदान गुप्त होते. अशा घोडेबाजाराला आळा म्हणून २००३ साली कायदा बदलला. आता पक्षाच्या आमदाराने मतपत्रिका घडी करून पेटीत टाकण्याआधी आपल्या पक्षाच्या अधिकृत प्रतिनिधीला दाखवायची. भलत्याला दाखवली तर बाद: २०१७ साली गुजरातेत काँग्रेसच्या दोन फुटलेल्या आमदारांची मते अशीच गेली आणि काँग्रेसचे अहमद पटेल ४४ मतांवर तरले. अपक्षाने मात्र कुणालाच दाखवायची नाही. याच दुरुस्तीने उमेदवार त्या राज्याचा रहिवासी असण्याची अटही काढली. सर्वोच्च न्यायालयाने कुलदीप नय्यर खटल्यात २००६ साली दोन्ही बदल वैध ठरवले.

मतपत्रिका दाखवण्याचे कारण मला पटते. रहिवासाची अट काढल्याचे पटत नाही. सभागृहाच्या नावातच राज्य आहे. त्या राज्याचा पाऊस, ऊस, कापूस ज्याने पाहिलेला नाही त्याने त्याच्या वतीने काय मांडावे?

आणि दाखवून दिलेले मतही फुटतेच. या मतदानाला पक्षादेश मोडल्याची अपात्रता लागू नाही, कारण हे सभागृहाचे कामकाज मानले जात नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये हिमाचलात काँग्रेसच्या सहा आमदारांनी उघडपणे दुसरीकडे मत दिले. काँग्रेसचे अभिषेक मनु सिंघवी ३४, भाजपचे हर्ष महाजन ३४. चिठ्ठी काढली. ज्याची चिठ्ठी निघाली तो हरला, असा तिथे नियमाचा अर्थ लावला गेला, आणि सिंघवींची चिठ्ठी निघाली होती. त्या सहा जणांची आमदारकी पुढे गेली ती अर्थसंकल्पाच्या वेळी पक्षादेश मोडल्यामुळे, या मतामुळे नव्हे.

जागा एकच असली की पसंतीक्रमाचे सगळे गणित निम्म्याहून अधिक मतांवर येऊन थांबते. गोव्यात ४० पैकी २१ आमदार ज्याचे, जागा त्याची. उरलेल्या १९ जणांना वाटा नाही. पोटनिवडणुकीतही हेच. २०१९ साली अमित शहा आणि स्मृती इराणी लोकसभेत गेल्यावर गुजरातच्या दोन जागा रिकाम्या झाल्या. दोन्हींची निवडणूक स्वतंत्र धरली गेली आणि दोन्ही भाजपला मिळाल्या. एकत्र घेतल्या असत्या तर काँग्रेसला एक मिळण्याजोगे बळ होते. यंत्र तेच, फक्त कामाची वाटणी वेगळी केली.

विधान भवनातल्या २०२२ च्या त्या पहाटेनंतर नऊच दिवसांनी, २० जूनला, तेच आमदार विधान परिषदेसाठी पुन्हा आकडे लिहायला आले. या वेळी मतदान गुप्त होते. काँग्रेसचे चंद्रकांत हंडोरे पडले, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी शिवसेनेचे आमदार बंड करून सुरतेत गेल्याची बातमी आली. हंडोरे पुढे २०२४ च्या फेब्रुवारीत राज्यसभेवर गेले. सहा जागा, सहाच उमेदवार, सगळे बिनविरोध. जांभळ्या पेनांची त्या वेळी गरजच पडली नाही.