पैसा फंड ते पिच डेक: भांडवल मागण्याच्या रीतीचा मागोवा

नव्या उद्योगासाठी परक्याचे भांडवल हवे असेल, तर उद्योजकाला त्याच्यापुढे उभे राहून तीन गोष्टी पटवून द्याव्या लागतात: काम करण्याजोगे आहे, ते याच माणसांच्या हातून होईल आणि गुंतवलेला पैसा वाढून परत येईल. आज हे काम दहा-बारा स्लाइडच्या पिच डेकच्या आधाराने होते. पुणे आणि आसपासच्या मुलखात ते सव्वाशे वर्षांहून अधिक काळ चालू आहे. साधने बदलत गेली. सदाशिव पेठेसारख्या वस्तीतला श्रोता मात्र फारसा बदलला नाही. शिक्षक, वकील, कारकून, निवृत्तिवेतनावर जगणारी कुटुंबे, म्हणजे गाठीला थोडी शिल्लक असलेली आणि ती जपून वापरणारी माणसे. त्यांना नुसत्या वक्तृत्वाने पैसे सुटत नाहीत. स्वतः तपासून पाहता येईल असे काही हाती आले, तरच ते पुढे येतात.

सुरुवातीचे साधन व्याख्यान हेच होते. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांच्या पुढाकाराने 1875 मध्ये सुरू झालेली वसंत व्याख्यानमाला आजही टिळक रस्त्यावरच्या टिळक स्मारक मंदिरात भरते. रानड्यांच्याच प्रेरणेने 1890 मध्ये पुण्यात औद्योगिक परिषद भरली. उद्योग का हवेत, कर्जाची आणि भांडवलाची शिस्तशीर व्यवस्था का हवी, याची मांडणी त्या पिढीने फार ताकदीने केली. ही मांडणी देशापुढची होती. एखाद्या ठरावीक कारखान्यासाठी ठरावीक रक्कम मागणे ही त्यापुढची पायरी होती.

ती पायरी अंताजी दामोदर काळे यांच्या पैसा फंडाने गाठली. प्रत्येकाने एक पैसा द्यावा आणि त्यातून देशी उद्योग उभा राहावा, इतकी सोपी मागणी होती. लोकमान्य टिळकांचा तिला पाठिंबा मिळाला आणि 1908 मध्ये तळेगाव दाभाडे येथे पैसा फंडाचा काच कारखाना सुरू झाला. परदेशात काचविद्या शिकून आलेले ईश्वरदास वार्ष्णेय यांनी तो उभारण्यात मोठा वाटा उचलला. या मांडणीचे बळ तिच्या आकारात होते. मागितलेली रक्कम इतकी लहान की नकाराला कारण उरत नसे, आणि पैसे कशासाठी हे एका वाक्यात सांगता येई. पैसा देणाऱ्याला नफ्यातला वाटा मिळणार नव्हता, त्यामुळे ही गुंतवणूक नव्हे, वर्गणी होती. तरीही एकाच वाक्यात मागणी मांडण्याचा हा धडा आजच्या पहिल्या स्लाइडलाही लागू पडतो.

त्याच सुमारास लक्ष्मणराव किर्लोस्करांचा अनुभव वेगळ्या दिशेने गेला. बेळगावात सायकलींच्या दुकानापासून सुरुवात केलेल्या लक्ष्मणरावांनी लोखंडी नांगर बनवला. लोखंडाने जमीन नासेल अशी शेतकऱ्यांची भीती होती, म्हणून पहिले नांगर खपायला फार वेळ लागला. बेळगावची जागा सोडावी लागली तेव्हा औंधचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी कुंडल रोड स्थानकाजवळची ओसाड जमीन आणि कर्ज दिले. 1910 मध्ये किर्लोस्करवाडी वसली. औंधपुढे ठेवायला लक्ष्मणरावांकडे चालते यंत्र, विकला गेलेला माल आणि नकार पचवून टिकलेला धंदा होता. आजचे गुंतवणूकदार ज्याला ट्रॅक्शन म्हणतात, ते हेच. 1916 मध्ये ओगले बंधूंनीही औंध संस्थानच्या मदतीने काच कारखाना काढला आणि त्यांचा प्रभाकर कंदील घरोघर पोचला.

या काळातले सर्वांत अस्सल सादरीकरण मात्र दादासाहेब फाळक्यांचे. चित्रपट काढायचा म्हणून विमा पॉलिसी गहाण ठेवून ते 1912 मध्ये लंडनला गेले, तिथले चित्रण पाहिले आणि कॅमेरा घेऊन परतले. पुढच्या खर्चाला पैसे देणारा कोणी नव्हता, कारण भारतीय माणूस भारतात पूर्ण लांबीचा कथापट काढू शकेल हे कोणी पाहिलेलेच नव्हते. फाळक्यांनी त्यावर वाद घालत बसण्याऐवजी एका कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा ठेवला आणि महिनाभराहून अधिक काळ एकेक चौकट टिपली. त्यातून 'अंकुराची वाढ' ही मिनिटभराहून थोडी अधिक लांबीची फिल्म तयार झाली. बीज फुटते, कोंब वर येतो, वेल चढते, हे सगळे बघणाऱ्याच्या डोळ्यांदेखत घडे. निवडक मंडळींना ती दाखवल्यावर यशवंतराव नाडकर्णी, नारायणराव देवहारे यांसारख्यांनी कर्ज देऊ केले. सरस्वतीबाई फाळक्यांचे दागिनेही या कामी आले. 3 मे 1913 रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात 'राजा हरिश्चंद्र' लोकांसमोर आला.

'अंकुराची वाढ' इतकी बारकाईने पाहण्याजोगी आहे, कारण तिने नेमक्या शंकेला उत्तर दिले. कथा चांगली आहे का, ही धनिकांची शंका नव्हतीच. या माणसाला यंत्र चालवता येते का, ही होती. फाळक्यांनी ती शंका ओळखली आणि तेवढीच दूर केली. आजही कित्येक सादरीकरणे फसतात ती न विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर सजवून दिल्यामुळे. फाळक्यांच्या पुढच्या वाटचालीत दुसरा धडाही आहे. 1918 मध्ये भांडवलदार भागीदारांसह नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली, पण खर्च आणि कारभारावरून खटके उडाले आणि फाळके काही काळ कंपनी सोडून काशीला गेले. पैसा मिळाला, पण निर्णय कोणाच्या हाती, हे आधी पक्के झाले नव्हते. आज हा प्रश्न मागणीच्या वेळीच टर्म शीटमध्ये, म्हणजे गुंतवणुकीच्या अटींच्या मसुद्यात, निकालात काढला जातो.

'प्रभात' फिल्म कंपनीच्या जन्माची गोष्ट माणसांवरच्या विश्वासाची आहे. 1929 मध्ये कोल्हापुरात दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर यांनी कंपनी काढली तेव्हा सीतारामपंत कुलकर्णी पाचवे भागीदार म्हणून भांडवल घेऊन आले. हे चौघे बाबुराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तावून-सुलाखून निघालेले होते. कुलकर्ण्यांनी पैसा लावला तो या अनुभवावर. 1933 मध्ये प्रभात पुण्यात आली.

तिशीच्या दशकात मांडणी संस्थांच्या हाती गेली. 1934 मध्ये आ. रा. भट यांच्या पुढाकाराने मराठा चेंबर स्थापन झाले आणि त्याचे कार्यालय पुढे टिळक रस्त्याच्या स्वारगेटकडच्या टोकाला आले. 16 सप्टेंबर 1935 रोजी बँक ऑफ महाराष्ट्रची नोंदणी झाली. अधिकृत भांडवल 10 लाख रुपये. प्रा. वा. गो. काळे आणि द. कृ. साठे हे तिचे संस्थापक, आणि प्रत्यक्ष कामकाज 8 फेब्रुवारी 1936 रोजी सुरू झाले. बँकेचे भाग विकताना दाखवायला यंत्र नसते आणि मालही नसतो. माहितीपत्रकातले आकडे आणि त्याखालची नावे, एवढाच पुरावा. अर्थशास्त्राच्या प्राध्यापकाचे नाव तिथे असणे हीच पेठेतल्या ठेवीदाराच्या दृष्टीने मोठी हमी होती.

भांडवल मागण्याचा सर्वांत कष्टाचा प्रयोग झाला तो लोणीला. विठ्ठलराव विखे पाटील आणि पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेचे धनंजयराव गाडगीळ यांनी प्रवरेचा सहकारी साखर कारखाना उभारताना सामान्य शेतकऱ्यांकडून भागभांडवल जमवले. 1950-51 मध्ये पहिला गळीत हंगाम झाला. भाग घेणारा शेतकरीच ऊस पुरवणार होता, म्हणजे मालक, गुंतवणूकदार आणि पुरवठादार एकच. या रचनेमुळे कच्च्या मालाचा सर्वांत मोठा धोका मांडणीतच मिटला. धोका कोणता आणि तो रचनेनेच कसा कमी होतो, हे सांगणारी मांडणी शंभर आश्वासनांपेक्षा भारी ठरते. विखे-गाडगिळांचे काम या बाबतीत आजच्या कोणत्याही व्यवस्थापन अभ्यासक्रमात शिकवण्याच्या योग्यतेचे आहे.

पुढची तीन दशके प्रोजेक्ट रिपोर्टची होती. 1962 मध्ये एमआयडीसी आणि महाराष्ट्र राज्य वित्तीय महामंडळ, 1966 मध्ये सिकॉम अशी व्यवस्था उभी राहिली. प्रकल्पाचा खर्च, प्रवर्तकाचा हिस्सा, नफा-तोट्याचा समतोल बिंदू, तारण, परतफेडीचे वेळापत्रक असा ठरलेला साचा असे. पिंपरी-चिंचवड आणि भोसरीचे असंख्य लघुउद्योग याच कागदांवर उभे राहिले. बँकेचा प्रश्न एकच असे: कर्ज बुडणार तर नाही? धंदा दहापट वाढेल का, हे तिला विचारायचे कारण नव्हते.

हा दुसरा प्रश्न सॉफ्टवेअरबरोबर आला. 1990 मध्ये आनंद देशपांडे यांनी पुण्यात पर्सिस्टंट सिस्टिम्स सुरू केली, आणि देशातल्या पहिल्या सॉफ्टवेअर टेक्नॉलॉजी पार्कांपैकी एक पुण्याला मिळाले. या धंद्यात तारण ठेवायला यंत्रसामग्री नसते, म्हणून बँकेचा साचा अपुरा पडतो आणि कंपनीत हिस्सा घेऊन जोखीम वाटून घेणारा गुंतवणूकदार लागतो. 1987 मध्ये बाजारात आलेल्या पॉवरपॉइंटने त्याच्यापुढच्या मांडणीला स्लाइडचे रूप दिले. गाय कावासाकी यांनी 2005 मध्ये सांगितलेला नियम पुढे सर्वत्र पसरला: दहा स्लाइड, वीस मिनिटे, तीस पॉइंटचा टाइप. पुण्यातून ड्रुवा 2008 मध्ये, आयसर्टिस 2009 मध्ये, फर्स्टक्राय 2010 मध्ये निघाल्या आणि जोखीम भांडवलावर मोठ्या झाल्या. 2016 मध्ये स्टार्टअप इंडिया योजना आली. 2021 च्या डिसेंबरात शार्क टँक इंडियाने पिच हा प्रकार घराघरात नेला. कार्यक्रमात दिसते ती काही मिनिटांची घासाघीस. खऱ्या गुंतवणुकीत ती शेवटची आणि सर्वांत छोटी पायरी असते.

आजच्या डेकचा क्रम साधारण ठरून गेला आहे: समस्या, तिच्यावरचा उपाय, बाजारपेठ, कमाईची रीत, आतापर्यंतची प्रगती, स्पर्धक, माणसे, पुढच्या तीन वर्षांचे आकडे आणि शेवटी मागणी. यांपैकी बाजारपेठेची स्लाइड सर्वांत जास्त वेळा पोकळ निघते. देशातल्या शिक्षणक्षेत्राची उलाढाल इतकी, त्यातला एक टक्का आमचा, असा हिशेब वरून खाली येतो आणि काहीच सिद्ध करत नाही. हिशेब खालून वर जायला हवा. सदाशिव पेठ स्पर्धा परीक्षांच्या अभ्यासिकांनी गजबजलेली आहे, म्हणून उदाहरण तिथलेच घेऊ. समजा, अभ्यासिकेतली जागा ॲपवरून राखून देणारी एक कंपनी आहे. मोजणीच्या सोयीसाठी 200 अभ्यासिका, प्रत्येकी 80 जागा आणि महिन्याला 1,000 रुपये शुल्क धरले, तर 16,000 जागांचे महिन्याचे शुल्क 1 कोटी 60 लाख होते. 5 टक्के दलालीने कंपनीला महिन्याला 8 लाख, म्हणजे वर्षाला 96 लाख मिळतील, तेही सगळ्या जागा भरल्या तर.

या हिशेबातून दोन गोष्टी लगेच दिसतात. पेठेपुरता हा धंदा एका कुटुंबाला उत्तम, पण जोखीम भांडवलासाठी अपुरा आहे. म्हणून पुढची स्लाइड नागपूर, छत्रपती संभाजीनगर किंवा दिल्लीचे राजेंद्रनगर इथे हेच काम कसे वाढेल, याची हवी. दुसरे असे की यातला प्रत्येक आकडा गुंतवणूकदाराला पेरुगेटापासून चालत जाऊन स्वतः मोजता येतो. अशा सादरीकरणाला रंगीत आलेखांची गरज उरत नाही.

मागणीची स्लाइडही तितकीच नेमकी लागते. पैसे येण्याआधीचे कंपनीचे मूल्य 4 कोटी धरून 1 कोटी मागितले, तर गुंतवणूकदाराचा हिस्सा 20 टक्के होतो. तो एक कोटी किती महिने पुरेल आणि तेवढ्या अवधीत काय साधून दाखवले जाईल, हे त्याच स्लाइडवर यावे. संस्थापकांचे आणि आधीच्या भागधारकांचे हिस्से दाखवणारा तक्ता जोडीला द्यावा. फाळक्यांना भोवलेला वाद टाळण्याची जागा हीच.

कायद्याने आता मागणीच्या कक्षेलाही मर्यादा घातली आहे. पैसा फंडाने वर्गणीसाठी पसरला तसा साऱ्या लोकांपुढे हात पसरून भाग विकणे खासगी कंपनीला करता येत नाही. कंपनी कायदा 2013 च्या कलम 42 नुसार खासगी प्रस्ताव ठरावीक, नावानिशी निवडलेल्या व्यक्तींनाच द्यावा लागतो. एका आर्थिक वर्षात अशा 200 पेक्षा जास्त व्यक्ती चालत नाहीत आणि जाहिरातही करता येत नाही. 2012 पासून लागू असलेला, भागांच्या चढ्या किमतीवरचा एंजल टॅक्स 2024 च्या अर्थसंकल्पाने रद्द केला, त्यामुळे लहान गुंतवणूकदारांकडून पैसे घेण्यातली मोठी अडचण दूर झाली.

सादरीकरण आवडल्यावर कागदपत्रांची पडताळणी सुरू होते. बँकेचे उतारे, ग्राहकांशी झालेले करार, जीएसटीची विवरणपत्रे यांच्याशी डेकमधला प्रत्येक आकडा जुळवून पाहिला जातो, आणि न जुळणाऱ्या एका आकड्यावर व्यवहार थांबतो. सारे जुळले की भागधारकांचा करार होतो. गुंतवणूकदाराचे पैसे स्वतंत्र बँक खात्यात जमा होतात, 60 दिवसांच्या आत भागवाटप करावे लागते आणि वाटपाचे विवरणपत्र कंपनी निबंधकाकडे दाखल होईपर्यंत कंपनीला ते पैसे वापरता येत नाहीत.